डिफेन्सिव्ह टॅकलचं काम आकड्यांत दिसतच नाही का? (आरन डोनाल्डबद्दल विचारायचंय)

ओहायोची_आई

नमस्कार मंडळी, अमेरिकन फुटबॉलबद्दल प्रश्न आहे, इथे कोणी बघत असेल तर प्लीज सांगा. आम्ही कोलंबसला राहतो, घरात आजवर क्रिकेट सोडून काही चालत नव्हतं पण मुलगा हायस्कूलला गेला आणि कोचने त्याला डिफेन्सिव्ह लाईनवर नेऊन उभा केला, मधल्या जागी, टॅकल म्हणून. तेव्हापासून घरात आरन डोनाल्ड (लॉस एंजेलिस रॅम्सचा डिफेन्सिव्ह टॅकल होता) सोडून दुसरा विषय नाही. खोलीत पोस्टर, फोनवर व्हिडिओ, जेवतानासुद्धा आरन डोनाल्ड.

परवा त्याने मला २०२२ ची सुपर बोल (एनएफएल या व्यावसायिक लीगची फायनल) परत लावून दाखवली, रॅम्स विरुद्ध बेंगल्स. संपल्यावर म्हणतो आई बघ, ही मॅच डोनाल्डने जिंकून दिली. मी नंतर गुपचूप आकडे बघितले तर टॅकल (म्हणजे बॉलवाल्याला पाडणं) बोटावर मोजण्याइतके, सॅक (बॉल फेकणाऱ्याला फेकायच्या आत पाडणं) दोन, आणि एमव्हीपी, म्हणजे मॅचचा सर्वोत्तम खेळाडू, तर रॅम्सचाच कूपर कप. मला खरंच कळलं नाही की त्याने असं काय केलं. बॉल त्याच्याकडे कधी येतच नाही, पूर्ण वेळ तो कोणालातरी ढकलत असतो.

दुसरं म्हणजे आमचं बाळ आडवं वाढलंय, उंची बेताची. दुसऱ्या एका मुलाचे बाबा म्हणाले की लाईनवर साडेसहा फुटी लोक लागतात, याचं पुढे काही होणार नाही. तो म्हणतो डोनाल्ड पण बुटका होता. खरं का?

आणि तिसरं, एवढा भारी होता, एवढे पैसे मिळत होते, तर बत्तिसाव्या वर्षी सोडून का दिलं? दुखापत वगैरे झाली होती का? हा प्रश्न मुलाचा नाही, माझा आहे. नवऱ्याचं म्हणणं आहे की हा खेळच बंद करा, टेनिसला घाला.

---

रॅम्सवेडा_टॉरन्स

ताई तुमचा मुलगा बरोबर बोलतोय आणि त्याने मॅच पण योग्य निवडलीये.

आधी जागा समजून घ्या. समोर पाच जण असतात, मधोमध सेंटर, त्याच्या दोन बाजूंना गार्ड, बाहेर दोन टॅकल (हे ऑफेन्सचे टॅकल, तुमच्या मुलाची जागा वेगळी, नाव सेम आहे म्हणून सुरुवातीला सगळ्यांचाच गोंधळ होतो). डोनाल्ड बहुतेक वेळा गार्डच्या बाहेरच्या खांद्यासमोर उभा राहायचा. तिथून क्वार्टरबॅक (बॉल फेकणारा) सरळ समोर असतो, सगळ्यात जवळचा रस्ता, पण त्याच रस्त्यावर गर्दीही सगळ्यात जास्त. कडेला जो एज रशर असतो त्याला पळायला मोकळी जागा मिळते, मधल्याला नाही. क्वार्टरबॅक अडीच-तीन सेकंदात बॉल फेकून मोकळा होतो, तेवढ्यात दीडशे किलोच्या माणसाला बाजूला सारून पोचायचं, आणि डोनाल्डच्या बाबतीत एकाला नाही, दोघांना. समोरचे कोच आठवडाभर बसून प्लॅनच असा करायचे की त्याच्या ९९ नंबरवर प्रत्येक वेळी दोन माणसं. लीगमध्ये सगळ्यात जास्त डबल टीम होणाऱ्यांत तो दरवर्षी असायचा आणि तरीही ब्लॉक फोडण्यात मधल्या खेळाडूंमध्ये वर्षानुवर्षं पहिला. आता त्याच्यावर दोन लावले म्हणजे बाकीच्या कोणासमोर तरी एकच उरतो ना, त्या दुसऱ्याला सॅक मिळतो, नाव त्याचं लागतं.

आता ती सुपर बोल. शेवटचं मिनिट, रॅम्स २३-२० ने पुढे, बेंगल्सना मैदानाच्या मध्यावर फक्त एक यार्ड हवा. थर्ड डाऊनला (दहा यार्ड पुढे जायला चार प्रयत्न मिळतात, त्यातला तिसरा) त्यांनी सॅमाजे पेरीनला बॉल देऊन घुसवायला बघितलं, डोनाल्डने त्याला तिथेच धरला, शून्य यार्ड. फोर्थ डाऊन, त्यांचा क्वार्टरबॅक जो बरो मागे सरकला, डोनाल्ड गार्डला टाकून आत आला आणि त्याने बरोला धरून असा फिरवला की बरोने पडता पडता बॉल कुठेतरी भिरकावला. खाली पडला. संपली मॅच. डोनाल्ड हेल्मेट काढून अंगठीचं बोट दाखवत पळतोय, तुमच्या मुलाने हे दहा वेळा रिवाइंड केलं असणार. पण स्कोअरशीटवर तो प्ले काय म्हणून लागला? इनकम्प्लीट पास. सॅक नाही, टॅकल नाही.

आणि गंमत म्हणजे त्याच्या आधीची मॅच पण अशीच. ३० जानेवारी २०२२, फोर्टीनाईनर्स विरुद्ध, २०-१७, शेवटी त्यांचा क्वार्टरबॅक गॅरोपोलो डोनाल्डच्या तावडीत सापडला, त्याने घाबरून बॉल वर उडवला, तो त्यांच्याच माणसाच्या हाताला लागून उडाला आणि आमच्या ट्रॅव्हिन हॉवर्डने पकडला. इंटरसेप्शन हॉवर्डच्या नावावर. मी सोफाय स्टेडियमच्या वरच्या मजल्यावरून बघितलंय, तिथून बॉल नीट दिसतच नव्हता पण ९९ आत घुसलेला दिसला आणि आमची सगळी रांग त्याआधीच उभी राहिली होती. लागोपाठ दोन मॅच त्याने संपवल्या आणि दोन्ही शेवटच्या प्लेंचे आकडे दुसऱ्याच्या खात्यात.

तरी त्याचे आकडे कमी आहेत असं अजिबात समजू नका हां. १० सीझन, १११ सॅक. २०१८ मध्ये एका सीझनला २०.५, मधून खेळणाऱ्या माणसाने. त्याआधी टॅकलचा रेकॉर्ड कीथ मिलर्डचा १८, तो १९८९ चा. तीन वेळा डिफेन्सिव्ह प्लेअर ऑफ द इयर, २०१७, २०१८, २०२०. त्याने तिसरा घेतला तेव्हा त्याच्या आधी लॉरेन्स टेलर आणि जे जे वॉट एवढेच होते. दहाच्या दहा सीझन प्रो बोलसाठी (लीगचा ऑल-स्टार सामना) निवड, आठ वेळा पहिल्या ऑल-प्रो टीममध्ये (त्या वर्षीचे लीगमधले सर्वोत्तम).

---

अर्धा_पिट्सबर्गकर

उंचीवर मी बोलतो कारण ही गोष्ट आमच्या गावची आहे आणि आमची जखम पण.

डोनाल्ड पेन हिल्सचा, पिट्सबर्गच्या पूर्वेचं उपनगर. वडील आर्ची डोनाल्ड, त्यांनी घराच्या बेसमेंटमध्ये वजनं लावलेली आणि पोराला पहाटे साडेचारला उठवून शाळेच्या आधी व्यायाम, शाळकरी वयापासून. मोठ्या मोठ्या कॉलेजांनी त्याला फार विचारलंच नाही कारण उंची कमी, तो इथेच पिट युनिव्हर्सिटीत राहिला. २०१३ चा सीझन बघा, ११ सॅक, २८.५ वेळा समोरच्याला मागे नेऊन पाडलं, जॉर्जिया टेकविरुद्ध तर एका मॅचमध्ये सहा वेळा. वर्षाच्या शेवटी नागुर्स्की, बेडनारिक, आऊटलँड, लोम्बार्डी चारही अवॉर्ड घरी. एवढं होऊनही ड्राफ्टच्या (एनएफएलच्या टीम पाळीपाळीने कॉलेजचे खेळाडू निवडतात तो) वेळी लोकांचं तेच पालुपद, बुटका आहे, हलका आहे. ६ फूट १ इंच, २८५ पाउंड. टॅकल म्हणजे ३०० च्या वरचा हवा असा हिशोब. मग कंबाईनला (ड्राफ्टच्या आधीची चाचणी) तो ४० यार्ड ४.६८ सेकंदात पळाला, त्या वजनाला! आणि २२५ पाउंडाचे बेंच प्रेस ३५.

२०१४ चा ड्राफ्ट. रॅम्सकडे (तेव्हा सेंट लुईसला होते) पहिल्या राउंडचे दोन पिक होते. दोन नंबरला त्यांनी घेतला ग्रेग रॉबिन्सन, ऑफेन्सिव्ह टॅकल, साडेसहा फुटी, अगदी कागदावर काढून घेतल्यासारखा देह. त्याला २०१७ मध्ये डेट्रॉइटला देऊन टाकला. तेरा नंबरला घेतला डोनाल्ड. आमचे स्टीलर्स, पिट्सबर्गची टीम, पंधरा नंबरवर होते हो. पंधरा! दोन पिकनी गेला आमच्याच गावचा मुलगा. ज्या हाइन्झ फील्डवर (२०२२ पासून नाव अ‍ॅक्रिशर स्टेडियम) स्टीलर्स खेळतात त्याच मैदानावर कॉलेजची चार वर्षं खेळला होता, दुसरीकडे जाऊन स्काउटिंग करायची पण गरज नव्हती. हां, आमच्याआधीच गेला म्हणून आम्हाला दोष देता येत नाही, पण दुखतं.

तर ताई, त्या बाबांना सांगा की बुटकेपणाचा त्याला उपयोगच झाला. लाईनमध्ये जो खाली तो जिंकतो. उंच गार्डला वाकायला लागतं, गुडघे सरळ झाले की त्याची ताकद गेली, आणि हा मुळातच खाली, हात त्याच्या छातीत घालून उचलायचा. पण मुलाला हेही सांगा की डोनाल्ड बुटका असून चालला असं नाही, बुटका असून ४.६८ पळणारा होता म्हणून चालला. असे शोधून सापडत नाहीत.

---

आकडेमोड_अण्णा

वरचे दोघं प्रेमात आहेत, मी जरा पैशाचं बोलतो कारण ताईंनी करियर विचारलंय आणि या लीगमध्ये करियर म्हणजे मुख्यतः काँट्रॅक्ट.

पहिल्या राउंडमध्ये निवडला की चार वर्षांचा ठरलेला करार, पाचवं वर्ष टीमच्या मर्जीवर. डोनाल्डचा पहिला करार चार वर्षांचे मिळून साधारण एक कोटी डॉलर. आपल्याला डोळे पांढरे करणारी रक्कम पण विचार करा, पहिल्याच वर्षी तो बेस्ट डिफेन्सिव्ह रूकी, दुसऱ्या वर्षापासून ऑल-प्रो, आणि पगार मात्र ठरलेला तोच. बरं, करारावर लिहिलेली रक्कम म्हणजे हातात येणारी रक्कम नाही, जेवढं गॅरंटीड तेवढंच खरं, बाकी टीम कधीही नारळ देऊ शकते. खेळाडूंच्या युनियनचाच हिशोब सांगतो की सरासरी करियर तीन-साडेतीन वर्षांचं. म्हणजे बहुतेकांचा दुसरा करार होतच नाही.

म्हणून २०१७ ला डोनाल्ड कॅम्पला गेलाच नाही. घरी बसला, व्यायाम करत. पहिली मॅच बुडवली (रॅम्स ती ४६-९ ने जिंकले, त्यामुळे त्याच्या बाजूने बोलणाऱ्यांची जरा पंचाईत झाली), मग आला, १४ मॅच खेळला आणि त्यातच डिफेन्सिव्ह प्लेअर ऑफ द इयर. २०१८ ला परत तेच, पूर्ण प्रीसीझन गायब. शेवटी ३१ ऑगस्टला सही झाली, सहा वर्षं, साडेतेरा कोटी डॉलर, त्यातले ८.७ कोटी गॅरंटीड. डिफेन्समधला तोवरचा सगळ्यात मोठा करार. किती वेळ टिकला? एक दिवस. दुसऱ्याच दिवशी बेअर्सनी खलील मॅकला १४.१ कोटी दिले. आणि डोनाल्डने काय केलं, सही करून लगेच २०.५ सॅकचा सीझन टाकला, जो वर आलाय.

२०२२ ला सुपर बोलच्या आधीच बातमी होती की जिंकला तर सोडेल. रॅम्सनी चार कोटी वाढवून दिले, तीन वर्षांचे ९.५ कोटी, क्वार्टरबॅक सोडून लीगमधला सगळ्यात महाग माणूस. तेही मुदत न वाढवता, म्हणजे नवीन वर्षं न जोडता. असं रॅम्सच काय कोणतीच टीम सहसा करत नाही. आणि त्यातलं शेवटचं वर्ष त्याने सोडून दिलं, म्हणजे पैशासाठी खेळत होता असं म्हणायची सोय नाही.

आता तुमच्या नवऱ्याला आवडेल असा आकडा. हायस्कूलला खेळणाऱ्यांपैकी एनएफएलला पोचणारे नगण्य असतात. स्कॉलरशिपचा विचार असेल तर करा, करियरचा नको.

---

नाईनर्स_निष्ठावंत

सगळे आरती ओवाळताय म्हणून एक खडा टाकतो. ऑगस्ट २०२२, सिनसिनाटीत जॉइंट प्रॅक्टिस, याच बेंगल्सबरोबर, मारामारी झाली आणि तुमचा देव दोन हातात दोन हेल्मेट घेऊन फिरवत होता. व्हिडिओ आहे. मॅचमध्ये केलं असतं तर बॅन, प्रॅक्टिसमधली शिस्त टीमने बघायची असा नियम म्हणून सुटला. मुलाला हेपण दाखवा.

बाकी खेळाडू म्हणून बोलणं नाही. २०१८ मध्ये आमच्याच मैदानावर चार सॅक काढून गेला तेव्हा मी टीव्ही बंद करून भांडी घासायला घेतली होती.

---

रॅम्सवेडा_टॉरन्स

नाईनर्सवाले, हेल्मेटचं मान्य, त्यात बचाव करण्यासारखं काही नाही, नशीब कोणाला लागलं नाही.

पण चार सॅकची मॅच काढलीत ते बरं केलंत, कारण ताई तुम्हाला हात बघायचे असतील तर ती मॅच बघा. बॉल बघू नका, फक्त ९९ चे हात. कुस्तीत पकड बसायच्या आधी मनगटांची जी झटापट चालते तीच इथे, फक्त अर्ध्या सेकंदात. गार्डचा हात छातीला लागायच्या आत हा मनगट झटकतो, खांदा खाली घालतो आणि बाजूने सरकून जातो. ते चाकू घेऊन ट्रेनिंग करतानाचे त्याचे व्हिडिओ फिरतात ना, तुमच्या मुलाने बघितलेच असतील, ते ह्याचसाठी, समोरचा हात येतोय तो आधी उडवायचा. चाकू खरे नव्हते हां, त्याच्या ट्रेनरनेच नंतर सांगितलं. घरात कोणी प्रयोग करायच्या आधी सांगून ठेवा.

---

ओहायोची_आई

बापरे. सुऱ्या आजच वरच्या कपाटात गेल्या.

खूप खूप धन्यवाद सगळ्यांना, अण्णांचा मेसेज नवऱ्याला वाचून दाखवला, त्याने शेवटची दोन वाक्यं परत वाचायला लावली. पण माझा तिसरा प्रश्न राहिलाच. धडधाकट असताना का सोडलं? आणि खरं सांगा, डोक्याला किती लागतं यात? मुलगा म्हणतो लाईनवर जोरात धडक बसतच नाही, पळत येऊन आदळतात ते रिसीव्हर, आम्ही जागेवरच असतो.

---

फिजिओ_सुमेधा

मी खेळाडूंबरोबर काम करते, फुटबॉलवाले पण येतात, म्हणून लिहिते. घाबरवायचा हेतू नाही.

सोडण्याचं आधी. १५ मार्च २०२४ ला त्याने जाहीर केलं. २०२२ मध्ये घोट्याला लागलं होतं, ११ च मॅच खेळला, लोकांना वाटलं उतरण लागली. २०२३ ला परत आला, ८ सॅक, परत पहिल्या ऑल-प्रो टीममध्ये. म्हणजे शरीराने नाही थांबवलं. नंतर तो जे बोललाय त्याचा सूर असा की खेळता अजूनही येईल पण त्यासाठी जी तयारी करायची ती करायची इच्छा उरली नाही. मला हे फार समजतं. लोक रविवारचे तीन तास बघतात, मी त्यांचे मंगळवार बघते, बोटं सुजलेली, मान वळत नाही, मोजे घालायला दुसऱ्याची मदत. लहानपणी साडेचारला उठायला लागलेला माणूस तिशीनंतर म्हणाला असेल की आता पुरे.

आता डोकं. तुमचा मुलगा म्हणतो ते अर्धं खरं आहे. लाईनवर मोठी, बातम्यांत दाखवतात तशी धडक कमी बसते. पण लहान धडक जवळजवळ प्रत्येक प्लेला बसते, प्रॅक्टिसला पण, आणि ह्या छोट्या धडकांचं पुढे काय होतं हाच सगळ्या संशोधनाचा मुख्य विषय आहे. त्यांना कन्कशन (मेंदूला बसलेला मोठा हादरा) म्हणत नाहीत, चक्कर येत नाही, मूल उठून परत उभं राहतं, म्हणून कोणी मोजत नाही. अशा वारंवार धडकांशी जोडला जाणारा मेंदूचा आजार, सीटीई, फुटबॉल खेळाडूत पहिल्यांदा सापडला तो पिट्सबर्गलाच, माइक वेब्स्टरच्या मेंदूत. स्टीलर्सचा सेंटर, म्हणजे लाईनवालाच. २००२ मध्ये वारला, पन्नाशीत, डॉ. बेनेट ओमालूंनी तपासलं आणि २००५ मध्ये पेपर आला. अजूनही जिवंत माणसात याचं पक्कं निदान करता येत नाही.

तुमच्यासाठी कामाचं एवढंच, कोचला विचारा की आठवड्यात पूर्ण कॉन्टॅक्टची प्रॅक्टिस किती वेळ असते, आणि कन्कशन झालं तर परत खेळायची परवानगी कोण देतं, कोच की ट्रेनर की डॉक्टर. उत्तर देताना कोच चिडला तर तेच उत्तर समजा. आणि तंत्र, डोकं वर ठेवून हाताने लढायला शिकवतात का ते स्वतः जाऊन बघा. डोनाल्डची नक्कल करायचीच असेल तर ही करू दे, तो डोक्याने नाही, हातांनी जिंकायचा.

---

अर्धा_पिट्सबर्गकर

+१ सुमेधाताई. वेब्स्टरबद्दल इथले जुने लोक अजून आवाज खाली करून बोलतात.

एक राहिलं. डोनाल्डने पिटला मोठी देणगी दिली, तिथल्या फुटबॉल ट्रेनिंगच्या जागेला त्याचं नाव आहे, आणि पोरगा तिकडे कॅम्प वगैरेला येणार असेल तर कळवा, आमच्याकडे उतरा, कोलंबसहून तीन तास तर आहे.

---

आकडेमोड_अण्णा

रॅम्सवेड्याला एक विचारायचं होतं. तुम्ही १११ सॅक म्हणजे रॅम्सचा रेकॉर्ड असं लिहिलं नाहीत, बहुतेक रॅम्सच्याच जुन्या डीकन जोन्समुळे. सॅक अधिकृतपणे मोजायला लागले १९८२ पासून आणि जोन्स साठ-सत्तरच्या दशकातला. जुन्या फिल्म बघून ज्यांनी मोजले त्यांचा आकडा डोनाल्डच्या बराच वर जातो. मग रॅम्सचा सर्वोत्तम डिफेन्सिव्ह लाईनमन कोण?

---

रॅम्सवेडा_टॉरन्स

अण्णा तुम्ही मुद्दाम करता. जोन्स एजवरून यायचा, आणि तेव्हा हाताने सरळ हेल्मेटवर थप्पड मारायची मुभा होती, त्याची ती हेड स्लॅप इतकी गाजली की नंतर लीगने बंदच केली. डोनाल्डला ती मुभा दिली असती तर २०१८ ला किती झाले असते बोला. तुलना करायचीच तर मर्लिन ओल्सनशी करा, तोही रॅम्सचा, तोही मधलाच टॅकल आणि १४ वेळा प्रो बोल. तिथे मी वाद घालायला तयार आहे पण वेगळा धागा काढा, ताईंचा हायजॅक नको. हॉल ऑफ फेमला रिटायर होऊन पाच वर्षं लागतात, म्हणजे डोनाल्डचा नंबर २०२९ ला, तोवर वेळच वेळ आहे.

---

ओहायोची_आई

हायजॅक करा हो, खुशाल करा, मुलगा शेजारी बसून वाचतोय (मराठी अडखळत वाचतो, पण हा धागा पूर्ण वाचला!) आणि म्हणतोय की ओल्सनपेक्षा डोनाल्डच भारी, कारण ओल्सनच्या वेळी गार्ड एवढे मोठे नव्हते. कोचला सोमवारी भेटतेय, सुमेधाताईंचे प्रश्न लिहून घेतलेत. टेनिसची रॅकेट मात्र नवऱ्याने ऑर्डर केलीये, ती शनिवारी येतेय.